‘काळबंध’वाल्यांना खुलं पत्र: आधी माग थांबवायला शिका

मंडळी,

दर रविवारी दुपारी तुम्ही माझ्या कारखान्यात चटई टाकून ‘काळबंध’ हा तुमचा गोष्टीचा खेळ खेळत बसता, तेव्हा मी तुमच्यासाठी चहा आणणारा ताता असतो. आज जकार्डवाला, म्हणजे मागावर नक्षी चढवणारा, म्हणून बोलणार आहे, तेव्हा जरा नीट बसा.

तुमच्या खेळाची पुस्तिका तुम्ही कॉलेजात वाटलीत, अशोक चौकाजवळच्या झेरॉक्सच्या दुकानात पाच-सहा प्रती ठेवल्यात आणि शेवटच्या पानावर छापलंत, ‘सूचना उघडपणे कराव्यात.’ म्हणून हे पत्र उघडं. एक प्रत तुम्ही माझ्या मागावर विसरून गेलात. ती मी दोनदा वाचली, दुसऱ्यांदा हातात पेन घेऊन.

गोष्ट आवडली, हे आधी सांगतो. सोलापुरात जागोजागी काळाला फटी पडायला लागल्यात. एकाच गल्लीत एका घरी सकाळ, शेजारी संध्याकाळ. भाकरी तव्यावर टाकली की उलटायच्या आत कडक. (हे बाकी झकास सुचलंय कुणाला तरी.) आणि या सगळ्यावर इलाज म्हणजे तुमचा ‘काळबंध’: भुईकोट किल्ल्याच्या बुरुजाखाली पुरलेला तांब्याचा कुंभ, त्यावर कुणालाच न लागणारी अक्षरं. फट पडली की ‘बंधकर्ता’ कुंभाची कडी फिरवतो, निळा उजेड पडतो, फट कुंभात ओढली जाते आणि झाकण बंद. कुंभ कधी भरत नाही. कडी कधी अडकत नाही. बंधकर्त्याला घामसुद्धा येत नाही.

माझं भांडण इथंच आहे. पन्नास वर्षं मी यंत्रांच्या आवाजात काढली. न अडकणारं यंत्र मी पाहिलेलं नाही. आणि ‘हे कधीच अडकत नाही’ असं मालक ज्या यंत्राबद्दल सांगायचा, त्याच्याजवळ मी लुंगी घालून कधी गेलो नाही.

तुमच्यातल्या निम्म्यांना ठाऊक नसेल म्हणून सांगतो. सोळाव्या वर्षी मी जकार्डचे पत्ते पाडायला लागलो. चौकटीच्या कागदावर नक्षी काढलेली असते. कागदावरची एक आडवी ओळ म्हणजे पुठ्ठ्याचा एक पत्ता. जिथं भोक, तिथली सुई आत जाते आणि तिचा धागा वर उचलला जातो. जिथं भोक नाही, तिथं धागा खालीच. असे शेकडो पत्ते दोऱ्यानं एकमेकांना बांधून माळ करायची, माळेची टोकं जोडायची आणि ती मागाच्या डोक्यावर चढवायची. माळ फिरत राहते, मोर उमटत राहतो. फ्रान्सात लिऑनच्या जोसेफ मारी जकारनं 1804 च्या सुमाराला हे यंत्र उभं केलं. पुढं इंग्लंडात चार्ल्स बॅबेजनं आकडेमोडीच्या यंत्रासाठी असेच भोकांचे पत्ते वापरायचं ठरवलं, पण ते यंत्र त्याच्या हयातीत पुरं झालं नाही. हे मला नातीनं सांगितलं. मी तिला म्हणालो, म्हणजे तुमचा कॉम्प्युटर आमच्या चादरीच्या नात्यातला निघाला की बे.

तेव्हा गूढ यंत्रच हवं असेल तर जमिनीखालचा कुंभ कशाला उकरता? डोक्यावर बघा. तुम्ही बसता त्याच्या वरच दोऱ्यांचं एक जंगल लटकतंय. आठ माग मी भंगारात किलोवर घातले. दोन ठेवले. त्यातला एक अजून चालतो.

आता तुमच्या पुस्तिकेतल्या नवव्या पानावरचा तक्ता. त्यात तुम्ही काळाच्या फटींचे पाच दर्जे केलेत: खोलीएवढी, घराएवढी, गल्लीएवढी, पेठेएवढी, शहराएवढी. मोठी फट तेवढी घातक. हे सपशेल चूक आहे, आणि ते मला कसं कळलं त्याची गोष्ट सांगतो. ती मी घरीसुद्धा फारशी सांगत नाही.

कामाला लागून दीडेक वर्ष झालं असेल. मोराच्या नक्षीची माळ मी बांधत होतो. मे महिना, पत्र्याखाली बसलेलो, घाम डोळ्यांत जातोय. दहा-बारा पत्त्यांची एक चळत हातातून खाली पडली. उचलली, सारखी केली आणि उलटी बांधली. माळ मागावर चढली. पहिली चादर उतरली तर मोराच्या मानेत एक पायरी. मान तिथं मोडून परत जोडल्यासारखी. विणणाऱ्याचं लक्ष आडवा धागा नेणाऱ्या धोट्याकडं, त्याला दिसली नाही. तपासणारा माणूस होता, त्यानं चादर उजेडात धरली आणि बाजूला ठेवली. दुसरीच्या मानेतही पायरी. तिसरीच्याही. आता त्या माणसानं काय विचार करावा? सगळ्या सारख्या आहेत, म्हणजे नक्षीच अशी असणार. एकोणीस चादरी अशा गेल्या. शेवटी चादरीच्या काठाच्या सुट्या धाग्यांच्या दशा वळणारी एक बाई, डोळ्यांना चष्मा, दुसरी कुठलीही घाई नसलेली, मांडीवर चादर घेऊन म्हणाली, “ह्या मोराला लकवा झालाय का?”

मालकानं माझा आठवड्याचा पगार कापला. तपासणाऱ्याचा नाही कापला, हे मला आजही खुपतं. पण ते जाऊ द्या.

एकदाच तुटलेला धागा कुणालाही दिसतो. जी चूक दर फेऱ्याला त्याच जागी, त्याच मापानं येते, ती कुणालाच दिसत नाही. तुमच्या खेळात शहराएवढी फट पडली की सगळे धावतात. मला तो डाव खेळायचाय ज्यात रोज दुपारी एका गल्लीतली सात मिनिटं गायब होतात आणि गल्लीला वाटतं की दुपार तेवढीच असते. तो डाव तुमच्यातलं कोण जिंकतं बघू. आणि जिंकायला बंधकर्ता नको, दशा वळणारी बाई लागेल. तिला पुस्तिकेत पात्र करा.

आता यंत्राचं बोलू. मागाच्या मागच्या बाजूला बीम नावाचा रूळ असतो, त्यावर सगळा ताणा, म्हणजे उभे धागे, गुंडाळलेला. हे अजून न घडलेलं. पुढच्या बाजूला विणलेलं कापड दुसऱ्या रुळावर गुंडाळलं जातं. हे घडून गेलेलं. मध्ये दातांची फणी येऊन बाण्याचा, म्हणजे आडवा, धागा जिथं ठोकते, ती एक रेघ. कापड तिथंच तयार होतं. रेघेच्या अलीकडं कापड, पलीकडं नुसते सुटे धागे. तुमच्या भाषेत ‘आत्ता’ म्हणजे ती रेघ, आणि तिची जाडी एका धाग्याएवढी.

तुमचा बंधकर्ता बाराव्या शतकात उडी मारतो, तिथली फट बुजवतो आणि जेवायला घरी येतो. अरे, रुळावर गुंडाळलेल्या कापडात हात घालता येतो का? चूक मागं राहिली तर आम्ही काय करतो ते बघा. माग थांबवतो आणि एकेक बाणा हातानं उसवत मागं जातो. पाच धागे, दहा धागे. फार उसवलं की ताणा घासून कच्चा होतो आणि नवीच तुटातूट सुरू होते. मग ठरवावं लागतं: उसवायचं, की चूक पोटात घालून पुढं विणायचं. हा निर्णय तुमच्या खेळात कुठंच नाही. बंधकर्त्याला मागं जायचं असेल तर जाऊ द्या, पण हातानं उसवत, आणि प्रत्येक धाग्याला त्याच्याकडचं काहीतरी काढून घ्या.

तुमच्या मोठ्या फटीसाठी मी धोटा अडकण्याचा प्रसंग सुचवतो. आमच्या कामात याहून वाईट काही नाही. धोटा ताण्याच्या तोंडातून, म्हणजे वर उचललेल्या आणि खाली राहिलेल्या धाग्यांच्या मधून, एका पेटीतून दुसऱ्या पेटीत जातो, मिनिटाला शंभराच्या वर खेपा. तो पलीकडं पोचला की फणी ठोका मारायला येते. आता समजा तो मध्येच अडकला आणि फणी तशीच आली. धोटा ताण्यात दाबला जातो आणि शेकडो धागे एका दमात तुटतात. ते जोडायला दिवस जातो, कधी दोन.

म्हणून जुन्या मागांनासुद्धा एक सोय होती. धोटा पेटीत शिरला की पेटीतली पट्टी दाबली जाते आणि खालची लोखंडी जीभ वर उचलली जाते. धोटा पोचला नाही तर जीभ खालीच राहते आणि पुढं सरकताना एका ठोकळ्यावर जाऊन आपटते. धाड! माग जागच्या जागी थांबतो. तो आवाज शेजारच्या कारखान्यात जातो, पायाखालची फरशी हादरते, कधी चाकाचा दात उडतो. पण फणी ताण्यापर्यंत पोचत नाही. माग घाव स्वतःवर घेतो.

ही आहे तुमच्या काळबंधाची जागा. फट गिळणारा कुंभ मला पटत नाही, कारण मी पहिला प्रश्न विचारतो: गिळलेलं जातं कुठं? तुम्ही म्हणाल, ताता, ते गूढ आहे. गूढ असायला माझी हरकत नाही, फुकट असायला आहे. त्यापेक्षा असं यंत्र करा जे सतत एकच गोष्ट बघतं, क्षण पलीकडच्या पेटीत पोचला की नाही. नाही पोचला तर सगळं शहर धाडकन थांबतं. चिमणी हवेत, नळाची धार अर्ध्यात (नळाला त्या दिवशी पाणी असेल तर), आणि फक्त बंधकर्ता चालता-फिरता. त्याचं काम आता सुरू होतं. त्यानं धोटा काढायचा, तुटलेलं टोक शोधायचं, दुसरं टोक शोधायचं आणि गाठ मारायची.

गाठीबद्दल दोन शब्द जास्त बोलतो, कारण यात माझा जीव आहे. विणकराची गाठ बारीक आणि चपटी असते. तिला जकार्डच्या दोरीतल्या डोळ्यातून आणि फणीच्या दातांमधून पार व्हायचं असतं. नवखा मुलगा भीतीनं तीन-तीन वेढे देऊन मोठी गाठ मारतो. त्याला वाटतं, घट्ट झाली. ती गाठ फणीत अडकते आणि शेजारचे चार चांगले धागे तोडते. माझ्या पहिल्या उस्तादानं मला गाठ शिकवताना माझे डोळे धोतराच्या फडक्यानं बांधले होते. म्हणाला, पाहून मारलेली गाठ मोठी होते. तुमचा बंधकर्ता निळ्या उजेडात जे करतो ती मोठी गाठ आहे. दिखाऊ. मूळ फटीपेक्षा तिचाच जाच जास्त होणार.

नुसती लहान गाठ मारून काम भागतं याचा दाखला हवा असेल तर 1 जानेवारी 2017 ची पहाट घ्या. त्या दिवशी आपल्याकडं 5 वाजून 29 मिनिटं 59 सेकंद झाल्यावर लगेच साडेपाच वाजले नाहीत. मध्ये 60 वं सेकंद घातलं गेलं. पृथ्वीचं फिरणं आणि अणुघड्याळं यांचा मेळ सुटतो, तो जुळवायला 1972 पासून अशी 27 सेकंदं घातली गेली. ते आजवरचं शेवटचं. दिल्लीची राष्ट्रीय भौतिकी प्रयोगशाळा देशाची वेळ सांभाळते. एक सेकंद, पहाटे, सगळे झोपेत असताना. असली गाठ मारणाऱ्या माणसाला मी माझ्या कारखान्यात ठेवला असता.

आणि गाठ मारून माग परत सुरू केला की कापडावर एक पुसट पट्टी उमटते. थांबलेल्या जागी ठोका कमी-जास्त बसतो, बाणा जरा दाट किंवा विरळ पडतो. पारखी माणूस चादर तिरपी धरून सांगतो, इथं माग थांबला होता. तुमच्या खेळात प्रत्येक बंधानंतर शहरावर अशी एक पट्टी उमटू द्या. गुण मोजण्यापेक्षा पट्ट्या मोजा.

चौदाव्या पानावर तुम्ही अभिमानानं लिहिलंय, ‘काळबंध काळाला केसभरही सरकू देत नाही.’ हे वाचून मला हसू आलं. मागच्या बीमला दोर गुंडाळून वजनं टांगलेली असतात ती कशाला? बीम धरून ठेवायला, पण सरकूही द्यायला. पुढं जेवढं कापड विणलं जातं तेवढा ताणा मागून सुटला पाहिजे. बीम आवळून बांधा, चार-सहा ठोक्यांत ताणा तुटायला लागेल.

आपलं सोलापूर कधीपासून सरकत्या काळातच राहतंय. तुम्ही लिहिलंय की सूर्य बरोबर बाराला डोक्यावर येतो आणि तेव्हा कुंभ जागा होतो. कारखान्याच्या दारात काठी रोवून बघा. भारताचं घड्याळ साडेब्याऐंशी रेखांशावरचं, आपण जवळपास 76 वर. आपली खरी दुपार घड्याळाच्या साधारण 26 मिनिटं मागून येते, आणि तीसुद्धा रोज त्याच वेळी नाही: नोव्हेंबरच्या सुरुवातीला 12 वाजून 10 च्या आसपास, फेब्रुवारीच्या मध्यात 12 वाजून 40. इंग्रजांच्या काळात रेल्वे मद्रासच्या वेळेवर चालायची, मुंबईची वेळ निराळी, आणि आपला सूर्य मुंबईपेक्षा 12 मिनिटं आधी डोक्यावर. 1906 पासून सगळ्या देशाला एक वेळ आली, तरी मुंबईत 39 मिनिटं मागं असलेली जुनी वेळ पाळणारे पुढं कितीतरी वर्षं होते. एका फलाटावर तीन दुपारी, आणि कुणाचं काही बिघडलं नाही. संक्रांतसुद्धा सत्तर-बहात्तर वर्षांत एका दिवसानं पुढं सरकते, आणि तिच्याबरोबर आपली सिद्धेश्वराची गड्ड्याची जत्रा. तुमचा कुंभ खरंच केसभर सरकू देत नसता तर नंदीध्वज निघायच्या आधीच जत्रेची तारीख चुकली असती.

आता ज्यासाठी मी दुसऱ्यांदा पेन हातात घेतलं ते.

बाविसावं पान. ‘सर्वांत मोठी फट: मे 1930. सोलापुरात तीन दिवस काळ भलत्याच वाटेला गेला. बंधकर्त्यांनी ती बंद करावी. 50 गुण.’

हे कुणी लिहिलं ते मी विचारणार नाही. लिहिणाऱ्याच्या मनात काही वाईट नसणार, तीन दिवस शहरावर इंग्रजांची सत्ता उरली नव्हती हे ऐकून त्याला ते चमत्कारासारखं वाटलं असेल. आमच्याकडंही 9, 10 आणि 11 मे हे दिवस तसेच सांगितले जातात. पण त्या दिवसांना फट कोण म्हणत होतं? इंग्रज सरकार. त्यांनीही ती बंद केली. 12 मेला मार्शल लॉ लावला. मल्लप्पा धनशेट्टी, जगन्नाथ शिंदे, श्रीकिसन सारडा आणि कुर्बान हुसेन यांना 12 जानेवारी 1931 ला येरवड्यात फाशी दिलं. बंधकर्त्यांना 50 गुण.

तुम्ही रोज त्या चौघांच्या पुतळ्यांवरून कॉलेजला जाता. जाताना जरा मान वर करून बघत जा, आणि मग ठरवा की त्या पानावर खेळणारा कुठल्या बाजूनं कडी फिरवतोय.

नुसतं पान फाडा असं मी म्हणत नाही. ते पान ठेवा, उलटं करा. कुंभाला तीन दिवस बंद करायचेत, आणि खेळणाऱ्यांनी कुंभाला अडवायचंय. मी विचारलं तपासणाऱ्याचा पगार का नाही कापला, तोच हा प्रश्न आहे. काय चूक आणि काय नक्षी हे उजेडात धरून ठरवणारा एकच माणूस असला, की तो म्हणेल तेच खरं होऊन बसतं. तुमच्या यंत्राला थांबवायची दांडी एकच आहे, बंधकर्त्याच्या हातात. आमच्या मागाला दांडी असते ती विणणाऱ्याजवळ, आणि शेजारच्या मागावरचा माणूसही धावत येऊन ती ओढू शकतो. ओढलीच पाहिजे, त्याला कुणी परवानगी विचारत नाही. असं करा: खेळणाऱ्या प्रत्येकाला एकेक दांडी.

एक गंमत मात्र तुम्हाला फुकट देतो. मेच्या त्याच दिवसांत, 10-11 तारखेच्या आसपास, सोलापुरात सूर्य खरोखर बरोबर डोक्यावर येतो आणि सावली पायाखाली नाहीशी होते. बाराला नाही, 12 वाजून 23 मिनिटांच्या सुमाराला. ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात परत एकदा. तुमच्या गोष्टीत याचं काय करायचं ते करा, मी त्यातून काही अर्थ काढत नाही.

पुढच्या रविवारी तीनच्या ऐवजी दोनला या. शाळेच्या वहीच्या रुंदीएवढा ताणा मी चालत्या मागावर चढवून ठेवतो. प्रत्येकानं डोळे बांधून पाच गाठी मारायच्या, मग माग सुरू करून कुणाची गाठ फणीतून जाते ते बघू. ज्याच्या पाचही जातील त्यानं पुस्तिकेची दुसरी आवृत्ती लिहावी. मुलींनी ओढण्या कमरेला बांधून याव्यात, मुलांनी हातातले गंडेदोरे कोपराच्या वर सरकवून यावेत.

आणि मागच्या खेपेला कुणीतरी फणीवर कोपर टेकून बसलं होतं. एक दात वाकलाय. पक्कड माझ्याकडं आहे, पण डोळे आता तेवढे चालत नाहीत, तेव्हा ज्यानं वाकवला त्यानं यायचं आणि सरळ करायचा. फासे आणू नका. त्या दिवशी माग चालू असेल.

तुमचा,
ताता
पूर्व भाग, सोलापूर